गाव टेंभुर्णीला गेलं

आमच्या घराची वाटणी झाली तेव्हा भांडण झालं नाही, हे मी आधीच सांगून टाकते, कारण सोलापुरातल्या आमच्या बाळीवेशीतल्या निम्म्या लोकांना ते अजून खरं वाटत नाही. माझे यजमान मल्लिकार्जुन आणि त्यांचा धाकटा भाऊ नंदीश, दोघांचं मिळून भुसाराचं दुकान. धंदा वाढला, एका गल्ल्यावर दोघांना बसवेना, तेव्हा टेंभुर्णीला हायवेच्या कडेला दुसरं दुकान टाकलं आणि मग वेगळं व्हायचंही ठरलं. आमच्याकडं रीत अशी की मोठ्यानं वाटे करायचे आणि धाकट्यानं आधी उचलायचं. वाटे करणाऱ्यानं लबाडी केली तर ती त्याच्याच अंगाशी येते. यजमानांनी एका बाजूला बाळीवेशीतलं जुनं दुकान ठेवलं आणि दुसऱ्या बाजूला टेंभुर्णीचं दुकान आणि पिकअप गाडी. नंदीशनं टेंभुर्णी उचलली. वळसंगचं शेत तेवढं सामाईक राहिलं, कारण सासूबाई म्हणाल्या, मी आहे तोवर त्याला हात लावायचा नाही.

सगळं शहाण्यासारखं झालं. माझी धाकटी जाऊ दाक्षायणी आता टेंभुर्णीला राहायला जाणार, हे मात्र मला सगळ्यांच्या शेवटी कळलं. तेही तिच्या तोंडून नव्हे. रात्री जेवताना यजमान भाकरी मागता मागता सहज बोलून गेले. मी तव्यावरची भाकरी तशीच ठेवून स्वयंपाकघराच्या दारातून दाक्षाकडं बघितलं, तर ती खाली मान घालून ताटातली आमटी ढवळत होती. भाकरी करपली. ती मी यजमानांनाच वाढली.

मला एवढा राग का आला, ते सांगायचं तर आमच्या गावाचं सांगावं लागेल.

नंदीशला लग्नाआधी गेम खेळायचा नाद होता. टीव्हीला जोडायचं ते मशीन त्यानं हौसेनं आणलं, महिनाभर त्यावर गाड्या पळवल्या, आणि मग दुकानाच्या रगाड्यात ते टीव्हीखाली धूळ खात पडलं. दाक्षा लग्न होऊन आली ती अक्कलकोटकडची, घरात कन्नड बोलणारी, आल्या आल्या कुणाशी फार न बोलणारी. एका दुपारी जेवणं झाल्यावर मी बघते तर ही ते मशीन पुसून, चालू करून बसलेली. मला म्हणाली, "अक्का, ह्ये दोघींनी खेळायचं हाय. बसा की."

"मला असली थेरं येत नाहीत," मी म्हणाले आणि बसले.

त्या गेममध्ये एक ओसाड गाव आहे. मधून नदी जाते. दोन बायका तिथं येतात आणि गाव पुन्हा उभं करतात, एवढंच. गेमचं नाव इंग्रजी आणि लांबलचक आहे, आम्ही त्याला नुसतं गाव म्हणायचो. दाक्षाची बाई दोन वेण्यांची. माझी बाई टोपीवाली, कारण सुरुवातीला चुकून माझ्याकडून टोपीवर बटण दाबलं गेलं आणि नंतर ती टोपी कशी काढायची ते दोघींनाही कळलं नाही. त्या गावात पाणचक्की बांधली आम्ही, कोंबड्या पाळल्या, जर्दाळूची बाग केली, एकच घर बांधलं आणि त्यात दोन खाटा टाकल्या. दोघी खाटेवर आडव्या झाल्या की तिथला दिवस संपतो आणि दुसरा उगवतो. न खेळता नुसतं बंद करून ठेवलं तर गाव जिथल्या तिथं थांबून राहतं.

नदीवर नाव आहे. तिचं तंत्र असं की एकीनं नावेत बसायचं आणि दुसरीनं काठावरून दोर ओढायचा. सुरुवातीला मी दाक्षाला इतक्या वेळा पाण्यात बुडवलं की ती हसून हसून सोफ्यावरून खाली यायची. मी पण हसायचे. मुलगा पुण्याला शिकायला गेल्यापासून त्या घरात मी एवढी कधी हसले नव्हते. जेवणं झाली की पुरुषांच्या चहाच्या वेळेपर्यंत आमचं गाव चालायचं. सासूबाई, म्हणजे शांतम्मा, मागं पलंगावर बसून मेथी नाहीतर राजगिरा निवडायच्या. त्यांचं टीव्हीकडं लक्ष नसायचं, निदान मला तसं वाटायचं.

एकट्यानं खेळायचं असेल तर गेम आधी विचारतो, "दुसरीला झोपवायचं का?" हो म्हटलं की दुसरी बाई आपोआप घरी जाऊन खाटेवर पडते आणि मग नाव एकटीनंही चालते, दिवस एकटीनंही संपतो. हे आम्हाला कळलं ते माझ्या भाचीच्या लग्नात. मी मंगळवेढ्याला गेले होते. परत येऊन बघते तर जर्दाळू सगळे तोडून झालेले, कोंबड्यांना पिल्लं झालेली, आणि माझी टोपीवाली आपली पांघरूण घेऊन झोपलेली. मला असा राग आला! दाक्षाला म्हटलं, "मी घरात नसले म्हणून मला झोपवायचं नाही. कळलं? मी येईपर्यंत थांबायचं." तिला वाटलं मी चेष्टा करतेय. मी चेष्टा करत नव्हते. त्या दिवशी मी तिच्याशी चहापर्यंत बोलले नाही.

तर अशा दोघींमधली एक टेंभुर्णीला निघाली होती आणि तिनं मला सांगितलंसुद्धा नव्हतं.

सामान बांधायला लागले तेव्हा टीव्ही आणि ते मशीन आमच्याकडं राहिलं, फ्रिज आणि कपडे धुवायचं मशीन त्यांच्याकडं गेलं. मी मनात म्हटलं, बरं झालं, निदान गाव तरी कुठं जात नाही. आणि त्याच संध्याकाळी नंदीश एक छोटा डबा घेऊन आला. हातात धरून खेळायचं मशीन होतं ते, मोबाइलपेक्षा मोठं आणि ताटलीपेक्षा लहान, दोन्ही बाजूंना निघणाऱ्या मुठी.

"दाक्षाला घेतलंय," तो म्हणाला. "तितं एकटीला करमायचं न्हाय. टीव्हीवरचे गेम ह्यात घालून देतो."

"घाल की," मी म्हटलं. मला वाटलं ते विरजणासारखं असणार. आपल्या दह्यातलं चमचाभर दुसरीला दिलं तरी आपलं दही संपत नाही, तिचंही लागतं, आपलंही राहतं.

नंदीशनं दोन्ही मशीनं शेजारी शेजारी ठेवली, वायफायला जोडली, आणि स्क्रीनवरचं वाचत वाचत त्याचा चेहरा उतरला. गेम सगळे त्याच्या नावावर घेतलेले. दुकानातून आणलेली चकती नाही, कार्ड नाही, सगळं हवेतलं. आणि कंपनीचा नियम असा की एक गेम एका वेळी एकाच मशीनमध्ये राहणार. इथून तिथं पाठवला की इथून गेला. त्याच्यासोबत त्याच्यातलं जे जे केलेलं असेल तेही गेलं.

"म्हणजे झेरॉक्स न्हाय निघत?" यजमानांनी विचारलं.

"न्हाय निघत, अण्णा."

"मग कसलं डिजिटल!" असं म्हणून ते अंघोळीला गेले.

आम्ही दोघी तिथंच उभ्या होतो. दाक्षा त्या छोट्या मशीनकडं बघत होती आणि मी टीव्हीकडं. तेवढ्यात पलंगावरून सासूबाई म्हणाल्या, "यात काय यवडं? भांड्यांचं केलं तसं करा. मोठीनं वाटे करायचे, धाकटीनं उचलायचं."

भांड्यांचं तसंच झालं होतं. मी स्वयंपाकघरात दोन ढीग केले होते, अगदी रास्त, आणि दाक्षानं डाव्या हाताचा ढीग उचलला होता. पण जे डोळ्यांना दिसत नाही त्याचे ढीग कसे करायचे? मी दोन ताटल्या घेतल्या. एक गेम म्हणजे एक शेंगदाणा, असं ठरवलं. नंदीशनं एकेक नाव वाचून दाखवलं, गाड्यांचा, क्रिकेटचा, उड्या मारायचा, कोडी सोडवायचा, आणि मी एकेक शेंगदाणा टाकत गेले. शेवटी गावाचं नाव आलं. मी देवघरातून एक सुपारी आणली.

इथं रास्त वाटे करायचे तर मी सुपारीसोबत एकदोन शेंगदाणे ठेवून बाकीचे दुसऱ्या ताटलीत ठेवले असते, किंवा कसंही. मी तसं केलं नाही. एका ताटलीत सगळेच्या सगळे शेंगदाणे ठेवले आणि दुसऱ्या ताटलीत एकटी सुपारी. मला दाक्षाची परीक्षा बघायची होती. तिनं शेंगदाणे उचलले असते तर मी म्हणणार होते, बघा, हिला गावाचं काही नाही. आणि सुपारी उचलली असती तर म्हणणार होते, बघा, सांगितलं नाही ते नाहीच आणि वर गावही घेऊन चालली. म्हणजे तिनं काहीही केलं तरी मी रागावणारच होते, आणि रागावायचा मला हक्क होता असं माझं तेव्हाही मत होतं आणि आजही थोडंफार आहे.

दाक्षानं क्षणभरसुद्धा विचार केला नाही. पुढं होऊन सुपारी उचलली आणि मुठीत धरली.

"बरं," मी म्हणाले. शेंगदाणे माझ्या वाट्याला आले होते. ते मी तिथंच उभ्या उभ्या खाऊन टाकले.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही शेवटचं खेळायला बसलो. आदल्या दिवशी नदीपलीकडच्या वाफ्यात भोपळे लावले होते आणि ते उद्या पिकणार असं पाटीवर दिसत होतं. कोंबड्यांना दाणे घातले, पाणचक्कीचं दार लावलं, आणि घरी परतायला म्हणून दाक्षा नावेत बसली. मी अलीकडच्या काठावर दोर धरून उभी राहिले. नाव नदीच्या मध्यावर आली होती तेवढ्यात नंदीश हमाल घेऊन आत आला. "वैनी, उठा जरा, ह्ये कपाट काढायचं हाय. आन् ते गेमचं बी उरकून टाकू, मग कपाटामागली वायर काढतो."

दोघींना खाटेपर्यंत पोचायलाही वेळ मिळाला नाही. वेणीवाली नदीत, टोपीवाली काठावर. तसंच थांबवलं.

नंदीशनं मशीनच्या पडद्यावर गाव निवडलं, पाठवायचं बटण समोर आणलं, आणि खाली इंग्रजीत जे लिहिलं होतं ते मराठीत सांगितलं, "ह्ये या मशीनवरनं काढून टाकलं जाईल, चालंल का, असं विचारतंय."

"वाट्याची वस्तू मोठीनं हातानं द्यायची असती," सासूबाई मागून म्हणाल्या. "धनलक्ष्मी, तू दे."

म्हणून ते बटण मी दाबलं. पडद्यावर एक पट्टी हळूहळू भरत गेली. पट्टी भरली तसं टीव्हीवरचं गावाचं चित्र पुसट झालं आणि मग तिथं नुसती रिकामी चौकट राहिली. दाक्षाच्या हातातल्या छोट्या पडद्यावर तेच चित्र उमटलं. विरजण कसलं, दावं सोडून म्हैसच नेली होती. माझी टोपीवालीसुद्धा त्यातच होती. मी घरातच होते आणि टेंभुर्णीलाही गेले होते, आणि मला काय वाटलं ते विचारणारं कुणी नव्हतं.

जाताना दाक्षा पाया पडली. मी तिची ओटी भरली, नारळ दिला, डब्यात शेंगांची चटणी दिली, आणि सगळं तोंड गंभीर ठेवून केलं. तिचे डोळे भरले होते. माझेही भरले असते, पण मी भरू दिले नाहीत.

त्यानंतरच्या दुपारी मला मोठ्या वाटायला लागल्या. शेंगदाण्यांतला एकेक गेम लावून बघितला. गाड्यांच्या गेममध्ये मी भिंतीवरच धडकत राहिले. क्रिकेटमध्ये माझे सगळे गडी चहा व्हायच्या आत बाद झाले. कोडी सोडवायचा गेम बरा होता, पण कोडं सुटलं की शेजारी सांगायला कुणी नाही. मग मी मशीन बंद करून टीव्हीवर मालिका लावल्या आणि सासूबाईंच्या शेजारी मेथी निवडायला बसले. एकदा त्या म्हणाल्या, "ते गेम का लावत न्हाईस?" मी म्हटलं, "कंटाळा आला, अव्वा." त्यांनी माझ्याकडं बघितलं आणि परत मेथीकडं बघितलं.

दाक्षाचा फोन दुपारीच यायचा. मी कधी घ्यायचे, कधी वाजू द्यायचे. घेतला तरी "बरंय" आणि "चाललंय" यापलीकडं जायचे नाही. ती म्हणायची, "अक्का, या की एकदा हिकडं. तुमच्यावाचून लई अडलंय."

मला वाटायचं ही घरातलं काही म्हणतेय. लोणचं घालायचं असेल, पापड करायचे असतील. मी म्हणायचे, "अडलंय तर यूट्यूबवर बघ. सगळं सांगतात तिथं." ती हसायची नाही. मी फोन ठेवून द्यायचे.

नंदीश माल घ्यायला सोलापूरला यायचा तेव्हा जेवायला घरीच असायचा. एकदा मी त्याला वाढता वाढता, आवाजात काही न दाखवता विचारलं, "दाक्षा खेळते का रे ते?"

"कुटं खेळती, वैनी? आदी म्हणली पाहिजे, आता डब्यात पडून असतंय. मी तर कदी हातात बघितलं न्हाय. घरी असतो कुटं म्हणा दिवसा."

माझ्या हातातला डाव भाताच्या पातेल्यात आपटला. नेलं आणि खेळतही नाही! मला देऊन गेली असती तर मी त्याची राखण केली असती. माझ्या कोंबड्या, माझी बाग, उद्या पिकणारे भोपळे, सगळं टेंभुर्णीच्या एका कपाटात डब्यात घालून ठेवलंय, आणि इथं मी क्रिकेटचे गडी बाद करत बसले आहे. त्या रात्री मी ठरवलं की आता तिच्याशी गावाचा विषय जन्मात काढायचा नाही.

मार्गशीर्ष संपत आला तशी येळ अमावास्या आली. त्या दिवशी आमच्याकडं सगळं घर शेतात जातं. दुकान बंद, शहरातली निम्मी घरं रिकामी. वाटणी होऊ दे नाहीतर आणखी काही, शेत सामाईक म्हणजे ती पूजाही सामाईक. पहाटे उठून मी भज्जी केली, सगळ्या डाळी आणि हिरव्या भाज्या एकत्र शिजवून करतात ती, आणि बाजरीच्या पिठाचे उकडलेले उंडे. आंबील सासूबाईंनी आदल्या रात्रीच मातीच्या घागरीत लावून ठेवली होती. घागर मांडीवर धरून आम्ही गाडीनं वळसंगला पोचलो तेव्हा टेंभुर्णीची पिकअप आधीच बांधावर उभी होती.

दाक्षा ज्वारीतून पळत आली आणि माझ्या हातातली घागर घेतली. "अक्का, वाळलाव की हो तुमी."

"काही वाळले नाही," मी म्हणाले. खरं तर मला तिला मिठी मारायची होती.

ज्वारीच्या ताटांची खोपटासारखी कोप करून पूजा झाली. पुरुष शेतात आंबील शिंपडत फिरून आले. मग सगळे जेवले, आणि त्या दिवशी जेवण झाल्यावर जी सुस्ती येते ती आली. यजमान आणि नंदीश कडुनिंबाखाली टॉवेल टाकून आडवे झाले आणि लगेच घोरायला लागले. सासूबाई कोपीच्या सावलीत हरभऱ्याचे घाटे सोलत बसल्या. मी भांडी गोळा करायला उठले तर दाक्षानं माझा हात धरून खाली बसवलं.

"भांडी ऱ्हाऊ द्या. हितं बसा."

तिनं पिशवीतून खणाच्या कापडात गुंडाळलेली एक वस्तू काढली. कापड सोडलं तर आत ते मशीन. कापडाच्या टोकाला गाठ होती आणि गाठीत काहीतरी टणक. मी बोट लावून बघितलं. सुपारी होती.

"इथं कशाला आणलंस हे?" मी म्हणाले.

"मग कुटं आणू? तुमी टेंभुर्णीला येईनाव, फोनवर बोलंनाव." तिनं मशीनच्या दोन्ही बाजूंच्या मुठी काढल्या, एक माझ्या हातात दिली, आणि पडदा आंबिलीच्या घागरीला टेकवून उभा केला. "तुमचा टीव्ही आणता आला असता व्हय हितं, वावरात?"

मी हातातली मूठ उलटसुलट करून बघितली.

"सुपारी तुमच्याकडं ऱ्हायली असती तर गाव टीव्हीत बसलं असतं, अक्का. मी सोलापूरला आले तरच दिसणार. आन् तुमी काय ते घेऊन माज्याकडं येणार न्हाय. ह्ये पिशवीत बसतंय. तुमी जितं असाल तितं मला आणता येतंय. म्हणून उचलली मी सुपारी."

"मग तेव्हाच सांगायचं नाही का?"

"सांगणार होते की. तुमी शेंगदाणे खायला लागलाव. तुमचं तोंड बगून माजी जीभच उचलंना." तिनं सुपारीची गाठ पुन्हा आवळली. "आन् टेंभुर्णीचं बी तसंच. तुमाला कसं सांगायचं, ह्येच मला उमगंना. चार दिवस मनात घोळवत होते, तवर भावजींनी जेवताना सांगून टाकलं."

तेवढ्यात पडदा उजळला आणि आधी एक प्रश्न आला. इंग्रजीत असला तरी तो मी ओळखला, कारण त्याच्याखाली खाट काढलेली असते. दुसरीला झोपवायचं का?

"ह्येच्यापुढं मी गेलेच न्हाय," दाक्षा म्हणाली. "रोज दुपारी काढते, ह्ये विचारतंय, मी न्हाय म्हणते, आन् परत डब्यात ठेवते. तुमीच म्हणला होता की, मला झोपवायचं न्हाय, मी येईपर्यंत थांबायचं."

तिनं 'नाही'चं बटण दाबलं. दोघींच्या मुठी जोडल्या आहेत हे मशीनला कळलं आणि गाव उघडलं. नदी तीच, उन्हं उतरत आलेली तीच संध्याकाळ, पाणचक्कीचं दार लावलेलं. नाव नदीच्या मध्यावर होती आणि वेणीवाली तिच्यात बसलेली होती. अलीकडच्या काठावर माझी टोपीवाली दोर हातात घेऊन उभी होती. आमच्याकडं ज्वारी कमरेएवढी झाली होती, सोलापूरला थंडी पडली होती, टेंभुर्णीला नवं दुकान सुरू झालं होतं, आणि ती तिथंच उभी होती.

मला रडू आलं. उगीच डोळ्यात कुसळ गेल्याचं वगैरे सोंग मी केलं नाही. पदरानं डोळे पुसले आणि दाक्षाला म्हटलं, "माझ्या मेलीची अक्कल बघ. अडलंय म्हणालीस तर तुला यूट्यूबवर बघायला सांगितलं."

"व्हय की," ती म्हणाली आणि तीही रडायला लागली आणि मग हसायला लागली. "आदी मला काठाला तरी लावा. यवडे दिवस पाण्यात बसलेय."

पडदा इतका लहान की दोघींना डोकी जुळवून बसावं लागलं. उन्हानं नीट दिसेना, म्हणून तिनं पदर वरून ओढून सावली केली. मी दोर ओढला. घाईनं ओढला आणि नाव कलली.

"अक्का, हळू!"

"हळूच ओढतेय. तू नीट बस."

नाव काठाला लागली. वेणीवाली उतरली, दोघी घरात गेल्या आणि आपापल्या खाटेवर आडव्या झाल्या. पडदा काळा झाला. कोंबडा आरवला तसं कडुनिंबाखाली यजमानांनी कूस बदलली. तिथं सकाळ झाली.

"चला पलीकडं," दाक्षा म्हणाली. आम्ही परत नदीकडं निघालो, तेवढ्यात मागून आवाज आला.

"कुंबळकाय पिकले काय गं?"

सासूबाई भोपळ्याला कन्नडच नाव घेतात. त्यांनी घाट्यांचं सूप बाजूला ठेवलं होतं आणि गुडघ्यावर हात देऊन आमच्याकडं सरकत होत्या. आम्ही दोघींनी एकदम त्यांच्याकडं बघितलं.

"काय बघताय? ती गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी पिकायचे होते ना? टीव्हीवर मालिकाच लावून ठेवल्यास तू. मला कळायचं कसं?" त्या म्हणाल्या. "सरका जरा. मला दिसंना झालंय."

आम्ही सरकलो. दाक्षानं पदर आणखी लांब ओढला, म्हणजे तिघींवर सावली येईल.